आईचे गुण

४ सप्टेंबर, सोमवार

शाळेत आज सगळ्यांना दैनंदिनी लिहायला सांगितली. राजभाषेत. रोज पाच ओळी, शनिवारी तपासायला द्यायची. आजची मी लगेच लिहून टाकली: आज हवा चांगली होती. मी वेळेवर उठले. मी दात घासले. माझे वडील सुतार आहेत. मला शाळा आवडते. पाच झाल्या.

ही दुसरी वही माझी. ही आपल्या भाषेत लिहायची आणि कोणालाही तपासायला द्यायची नाही. त्यामुळे इथे जे झालं तेच लिहायचं ठरवलं आहे.

जे झालं ते असं. जूनमध्ये सरकार बदललं. तोपर्यंत आमच्याकडे सगळे 'त्यांची भाषा' म्हणायचे, आता राजभाषा म्हणायचं. दुकानांच्या पाट्या बदलल्या, बसवरच्या बदलल्या, आणि एक जानेवारीपासून आमची शाळाही राजभाषेत भरणार आहे. मुलांनी काही करायचं नाही, फक्त समजून घ्यायचं. शिक्षकांना मात्र नोव्हेंबरात परीक्षा आहे. शंभरपैकी पन्नास मिळाले तर नोकरी राहील.

माझी आई आमच्याच शाळेत एकोणीस वर्षं गणित शिकवते. शाळेत मी तिला बाई म्हणते आणि तुम्ही म्हणते. तिला राजभाषेत शंभरपर्यंत आकडे येतात आणि 'कांदे कसे दिले' हे विचारता येतं. दुकानदार आकडा सोडून दुसरं काही बोलला की तिला काही कळत नाही.

६ सप्टेंबर, बुधवार

जेवताना बाबा म्हणाले, "शिकवणी लाव."

आई म्हणाली, "कोणाकडे? सगळ्या भरल्यात. आमचे हेडमास्तरसुद्धा रांगेत आहेत."

"घरात पहिला नंबर बसलाय की."

दोघांनी माझ्याकडे पाहिलं. राजभाषेत माझा पहिलीपासून पहिला नंबर आहे, हे खरं आहे. त्या भाषेत घशातून काढायचं एक अक्षर आहे, ते आपल्या माणसांना सहसा जमत नाही. मला जमतं, कारण गल्लीत खेळायला त्यांचीच मुलं होती आणि ते अक्षर न येणाऱ्यावर कायम राज्य यायचं.

"ही मला शिकवणार?" आई म्हणाली. "हिला अजून स्वतःचा डबा नीट धुता येत नाही."

डब्याचा इथे काही संबंध नव्हता. उद्यापासून रोज पाच ते सहा.

११ सप्टेंबर, सोमवार

मी आईसाठी नियम लिहून भिंतीला लावले. वेळेवर बसणे. मध्ये उठून गॅस बघू नये. चुकीचं उत्तर आलं तर कारणं सांगू नयेत.

आज पहिली चाचणी घेतली. चाळीसपैकी अकरा मिळाले. आईने पेपर हातात घेतला, पेनाच्या टोकाने सगळे गुण पुन्हा मोजले आणि म्हणाली, "बारा आहेत. दुसऱ्या प्रश्नाचे दोन अर्धे धरले नाहीस. मिळवणीत अशी हयगय केलीस तर वार्षिकला काय करशील?"

मी बारा केले. खाली 'प्रयत्न वाढवा' असं लिहिलं. आमच्या वह्यांवर ती तेच लिहिते.

२० सप्टेंबर, बुधवार

कुटुंबाची माहिती हा धडा घेतला. आईने जे म्हटलं ते आपल्या भाषेत साधारण असं होईल: "मी बाई आहे. मला मुलगी एक आहेत. माझा नवरा लाकूड आहे."

बाबा दारात चप्पल काढत होते. त्यांना राजभाषेत फक्त मापं येतात, पण लाकूड हा शब्द येतो. ते म्हणाले, "बरोबर आहे तिचं. पूर्ण गुण दे."

ते खूप वेळ हसले. आई हसली नाही. तिने ते वाक्य वहीत दहा वेळा बरोबर लिहिलं. मी सांगितलंही नव्हतं.

३ ऑक्टोबर, मंगळवार

नळाला तीन दिवस पाणी नाही, म्हणून आई आणि मी पाण्याच्या कार्यालयात गेलो. एरवी अशा ठिकाणी मीच बोलते. पण आई म्हणाली, आज मी बोलणार, सराव होईल. रस्ताभर ती वाक्य घोकत होती. माझ्यासमोर सहा वेळा बरोबर आलं.

खिडकीशी गेल्यावर तिने सांगितलं, "आमचं पाणी तीन नळ नाही."

कारकुनाने तिच्याकडे पाहिलं आणि मग माझ्याकडे. मला म्हणाला, "तुझ्या आईला सांग, अर्ज शेजारच्या टेबलावर आहे." आई तिथेच उभी होती. मी सांगितलं. मग तो शेजारच्या कारकुनाशी एक वाक्य बोलला आणि दोघे हसले.

बाहेर पडताना आईने विचारलं, "काय म्हणाला तो?"

"आज फार गर्दी आहे म्हणाला."

आत ते दोघे आणि आम्ही दोघी, एवढीच माणसं होती. आईने एकदा वळून खिडकीकडे पाहिलं आणि म्हणाली, "हो. आहे खरी."

पाणी शुक्रवारी येईल.

१२ ऑक्टोबर, गुरुवार

आज माझा आवाज चढला. 'काल' आणि 'उद्या' यांची क्रियापदं आई सलग चौथ्या दिवशी गोंधळून सांगत होती. मी म्हटलं, "एवढं साधं आहे, डोक्यात कसं शिरत नाही? लक्ष कुठे असतं?"

आईने पेन खाली ठेवलं. मग म्हणाली, "मी अशीच बोलते का वर्गात?"

"रोज."

"कोणाला?"

"जास्त करून चिमणीला."

चिमणी माझ्या बाकावर बसते. तिला अपूर्णांक येत नाहीत.

आईने वही मिटली. सहाला दहा मिनिटं कमी होती, पण मी सुट्टी दिली.

१३ ऑक्टोबर, शुक्रवार

आज वर्गात बाईंनी चिमणीला फळ्याशी बोलावलं. चिमणी नेहमीसारखी खडू धरून उभी राहिली. बाई काहीच बोलल्या नाहीत. खिडकीला टेकून वाट बघत राहिल्या. सगळ्या वर्गाला वाटलं, बाईंना बरं नाही. शेवटी चिमणीने छेद सारखा केला आणि बेरीज बरोबर आली. ती स्वतःच इतकी दचकली की तिने उत्तर पुसून टाकलं.

एका बेरजेत तास गेला. असाच वेळ घालवला तर पुस्तक पुरं होणार नाही.

२२ ऑक्टोबर, रविवार

मामा आला होता. तो आईचा धाकटा भाऊ. रेल्वेत तिकीट तपासायचा, आता तपासत नाही. त्याची परीक्षा ऑगस्टमध्येच झाली. सीमेपलीकडे आपल्याच भाषेचं सरकार आहे, तिकडे तो बायको-मुलांना घेऊन डिसेंबरात कायमचा जाणार आहे. आम्हीही चलावं असं त्याचं म्हणणं.

"ताई, सरळ नापास हो आणि चल."

"तसं मला जमणार नाही."

"का? तुझी तयारी बघता सहज जमेल."

"मुद्दाम नापास होणं, म्हणते मी."

बाबांनी विचारलं, "तिकडे सुताराला काम आहे?"

"दारं-खिडक्या सगळीकडे लागतात, दाजी."

मग मामा आईला म्हणाला, "समज, पास झालीस. पुढे काय? आपल्याच पोरांच्या तोंडातली भाषा काढून घ्यायची, हेच काम ना?"

"कोणीतरी त्यांना गणित शिकवायला हवं."

"कुठल्या भाषेत?"

आईने चहाचे कप उचलले. माझ्या कपात अजून चहा होता.

मला जायचं नाही. एक जानेवारीच्या समारंभात पाहुण्यांचं स्वागत राजभाषेत करायला सरांनी मला निवडलं आहे. मी गेले तर ते भाषण दुसऱ्या नंबरला मिळेल. हे मी मोठ्याने बोलले नाही, कारण विषय वेगळा चालला होता.

२७ ऑक्टोबर, शुक्रवार

आईचे गुण घसरले आहेत. मागच्या आठवड्यात चाळीसपैकी एकोणतीस होते, आज सतरा. येणारे शब्द चुकते. 'शाळा' चुकली. शाळा कशी चुकेल?

मी बाबांच्या कारखान्यात गेले. कारखाना म्हणजे घराखालची एक खोली आणि रंधा मारायचं टेबल. मी म्हटलं, "आई मुद्दाम चुकते आहे."

बाबा फळीची कड डोळ्यासमोर धरून बघत होते. म्हणाले, "तिचं अजून ठरत नाहीये."

"काय ठरत नाही?"

"तू चाचणी नको घेऊस आठ दिवस."

मी नियमांच्या कागदावर तशी नोंद केली.

६ नोव्हेंबर, सोमवार

पाच वाजता आई आपणहून येऊन बसली. म्हणाली, "घे. सगळं घे. पहिल्या धड्यापासून." चाळीसपैकी तेहतीस. मी कारण विचारलं नाही. तिने चिमणीच्या आईचं काहीतरी सांगितलं: ती शाळेत आली होती आणि विचारत होती की जानेवारीनंतर मुलीला समजलं नाही तर तिने कोणाला विचारायचं. याचा परीक्षेशी काय संबंध ते मला कळलं नाही.

घशातलं अक्षर मात्र अजून येत नाही. खोकल्यासारखं येतं. कालच्या सरावात बाबांनी तिला पाणी आणून दिलं.

१८ नोव्हेंबर, शनिवार

परीक्षा झाली. लेखी सकाळी, तोंडी दुपारी. मी आईला अडलं तर वापरायला एक वाक्य शिकवलं होतं: 'कृपया थांबा, मी विचार करत आहे.' हे वाक्य तिचं अगदी निर्दोष येतं.

"वापरलंस का?"

"वापरलं."

"किती वेळा?"

"मोजलं नाही," आई म्हणाली. ती जिने चढतानासुद्धा पायऱ्या मोजते.

परीक्षकबाईंनी विचारलं, तुम्हाला या भाषेत का शिकवायचं आहे? आईने उत्तर दिलं, मला शिकवायचं आहे. परीक्षकबाई म्हणाल्या, वाक्य अपुरं आहे. आई म्हणाली, नाही, संपलं.

हे तिने सांगितलं तेव्हा मी म्हटलं की इथे दोन गुण जातील.

२ डिसेंबर, शनिवार

आईला बावन्न मिळाले. चौदा शिक्षकांपैकी पाच पास. जुन्या हेडमास्तरांना एकतीस. ते शाळेच्या पायरीवर बसून सगळ्यांचं अभिनंदन करत होते.

माझा अंदाज साठचा होता, म्हणून मी जरा निराश झाले. बाबांनी आईला विचारलं, "मग? खूश ना?" आई म्हणाली, "शंभरात बावन्न. माझ्या वर्गात एवढे मिळवणाऱ्याच्या घरी मी चिठ्ठी पाठवते."

१० डिसेंबर, रविवार

मामा गेला. स्टेशनवर आई आणि तो एकमेकांशी फक्त सामानाबद्दल बोलले. किती नग आहेत, कोणता वर ठेवायचा. गाडी हलल्यावर तो मला ओरडून म्हणाला, "पत्र लिही! आपल्या भाषेत!" फलाटावरच्या बऱ्याच लोकांनी वळून पाहिलं. मी ओळखत नसल्यासारखा चेहरा केला. मग वाईट वाटलं आणि हात हलवला, पण तोवर डबा पुढे गेला होता.

१ जानेवारी, सोमवार

भाषण उत्तम झालं. एकदाही अडखळले नाही. नवे मुख्याध्यापक व्यासपीठावरून खाली उतरून आले आणि म्हणाले, "तुझ्या बोलण्यावरून तू कोणाची आहेस ते कळतसुद्धा नाही." मी आभार मानले.

आई तिसऱ्या रांगेत होती. तिला हे जसंच्या तसं सांगितलं. ती म्हणाली, "कळत नाही ना? बरं." आणि खुर्च्या आवरायला लागली. खुर्च्या आवरायला शिपाई होते.

आईला पहिलीचा वर्ग दिला आहे. मुख्याध्यापकांनी सांगितलं, वरच्या वर्गांना उच्चार महत्त्वाचा असतो. आम्हाला गणिताला नवे सर आले आहेत. आज पहिल्याच तासाला त्यांनी भराभर शिकवलं. पुस्तक वेळेत पुरं होईल. चिमणीने काही विचारलं नाही.

४ जानेवारी, गुरुवार

मला भाषाप्रमुख नेमलं. दोघी आहोत, मी आणि स्टेशनमास्तरांची मुलगी. ती या महिन्यात नवी आली आहे. राजभाषा तिची घरचीच. आमचं काम असं: मधल्या सुट्टीत आणि व्हरांड्यात फिरायचं, कोणी दुसऱ्या भाषेत बोलताना सापडलं तर नोंदवहीत लिहायचं. रकाने चार: तारीख, नाव, इयत्ता, उच्चारलेले शब्द. रोज चारला नावं सूचनाफलकावर लागतात. तीन वेळा नाव आलं की पालकांना बोलावतात.

मला निळा बिल्ला मिळाला. घरी दाखवला. बाबा म्हणाले, "पत्रा आहे की प्लास्टिक?" पत्रा आहे.

१२ जानेवारी, शुक्रवार

व्हरांड्यात आम्ही पाच-सहा जणी होतो. आई समोरून आली. शाळेत आता तिलाही राजभाषेतच बोलावं लागतं. ती मला म्हणाली, "तू डबा विसरला आहे. मेज वर तुझी डबा आहेत." घशातलं अक्षर दोनदा आलं, म्हणजे दोनदा खोकला आला.

मुली हसल्या. मीही हसले. थोडंच.

घरी आई वही घेऊन बसली आणि म्हणाली, "दुपारच्या वाक्यात काय काय चुकलं?" मी चारही चुका सांगितल्या. तिने त्या लिहून घेतल्या. मग म्हणाली, "बरोबर वाक्य सांग." मी सांगितलं. तिने ते म्हटलं, पुन्हा म्हटलं. मी म्हटलं, "आता बरोबर आहे." मी जेवले नाही.

२३ जानेवारी, मंगळवार

आज या वहीत लिहिताना 'छेद' हा शब्द आठवेना. राजभाषेतला पटकन आठवला. आईला विचारता आलं असतं, पण ती वह्या तपासत होती. मागची पानं उलटून ऑक्टोबरात सापडला.

या महिन्यात मी एकवीस नावं लिहिली. स्टेशनमास्तरांच्या मुलीने चार. तिला सगळ्यांचं बोलणं समजत नाही, म्हणून ती मागे पडते. चिमणीचं नाव तीन वेळा झालं. तिची आई येऊन गेली. ती मुख्याध्यापकांशी काय बोलली ते मला माहीत आहे, कारण दोघांच्या मध्ये मीच सांगायला उभी होते. चिमणी आता दुसऱ्या बाकावर बसते.

३० जानेवारी, मंगळवार

मधल्या सुट्टीनंतर आम्ही दोघी खालच्या व्हरांड्यातून जात होतो. पहिलीच्या वर्गाचं दार खाली फरशीला अडकतं, म्हणून ते नेहमी वीतभर उघडं असतं. आत कोणीतरी रडत होतं. पहिलीत एक मुलगी या महिन्यात आली आहे, तिला राजभाषेतलं अक्षरही कळत नाही. आल्यापासून ती एक शब्द बोललेली नाही, नावही सांगत नाही, असं सगळे म्हणतात.

मग आतून आवाज आला, आपल्या भाषेत: "रडू नको गं. मी आहे ना इथे. सांग मला, कुठे दुखतंय?"

आवाज कोणाचा ते मला लगेच कळलं. असा आवाज मी शाळेत कधी ऐकला नव्हता. घरी ऐकला होता, पण बरीच वर्षं झाली.

स्टेशनमास्तरांची मुलगी थांबली. तिने विचारलं, "कोण बोललं ते?" तिला दारातून दिसत नव्हतं, कारण पुढे मी होते. "लिही ना," ती म्हणाली. नोंदवही माझ्या हातात होती.

मी तारीख लिहिली. नावाच्या रकान्यात माझं नाव लिहिलं. इयत्ता आठवी. उच्चारलेले शब्द लिहिले.

ती वाचून म्हणाली, "पण तू कुठे बोललीस?"

मी म्हटलं, "आता बोलते." आणि ते शब्द म्हटले, मोठ्याने, पहिल्यापासून शेवटपर्यंत. आतलं रडणं थांबलं. बहुतेक घाबरून.

मी असं का केलं ते मला नीट सांगता येणार नाही. वेळ कमी होता.

३१ जानेवारी, बुधवार

मुख्याध्यापकांनी बोलावलं. त्यांना माझ्याबद्दल वाईट वाटलं. "तुझ्याकडून ही अपेक्षा नव्हती," म्हणाले. "आणि हे रडू नको वगैरे कोणाला म्हणत होतीस?"

मी म्हटलं, "मलाच."

त्यांनी बिल्ला मागितला. टाचणी सुटेना, तेव्हा त्यांनी स्वतः काढला. भाषाप्रमुख आता स्टेशनमास्तरांची मुलगी एकटी आहे. तिने कालचं कोणाला काही सांगितलेलं दिसत नाही. तिला विचारायचं माझ्या मनात होतं, पण ती दिवसभर माझ्यापासून लांब होती.

संध्याकाळी आई म्हणाली, "फलकावर तुझं नाव पाहिलं."

"हो."

"खालच्या व्हरांड्यात कशाला गेली होतीस?"

"पाणी प्यायला."

"पाणी वर आहे."

"हो."

आईने माझ्यासमोर ताट ठेवलं आणि शेजारी बसली. मी जेवत होते तोवर वाढत राहिली. शेवटी म्हणाली, "कान दुखत होता तिचा. सांगितलं तिने. नावही सांगितलं."

"बरं झालं."

"हो." मग ती म्हणाली, "परत असं करायचं नाही. माझं मी बघेन." बाबा दारात उभे होते. त्यांनी विचारलं, "काय झालंय?" आईने त्यांना सगळं सांगितलं, अगदी दार कुठे अडकतं तेही. बाबांनी दाराचंच जास्त विचारलं. बिजागऱ्या किती, चौकट फुगलीय की फळी.

४ फेब्रुवारी, रविवार

शाळा बंद होती. बाबांनी शिपायाकडून किल्ली घेतली आणि मला हत्यारांची पिशवी धरायला नेलं. पहिलीच्या वर्गाचं दार त्यांनी बिजागऱ्यांसकट उतरवलं, खालून रंधा मारला, चौकटीला आतून सगळीकडे लोकरीची पट्टी ठोकली आणि दार परत चढवलं. तीन तास लागले. शिपायाने विचारलं, कोणी सांगितलं होतं का? बाबांनी त्याला राजभाषेत दाराची उंची आणि रुंदी सांगितली. तो गेला.

मग त्यांनी मला बाहेर उभं केलं आणि आत जाऊन दार लावलं. ते एका बोटाने लागतं.

मी बराच वेळ कान लावून उभी होते. काही ऐकू येईना. शेवटी बाबांनी दार उघडलं आणि विचारलं, "काय म्हटलं मी?"

"काही म्हटलंत?"

"ओरडत होतो," बाबा म्हणाले, आणि हत्यारं पिशवीत भरायला लागले.